सुगंधाचं वाऱ्याचं स्वप्न

माझी बायको सुगंधा गेली त्या दिवशी सकाळी मी खूश होतो. हे आधीच लिहून टाकतो, म्हणजे पुढे लपवाछपवी होणार नाही.

१९७१ साल. शिमग्याला आठ दिवस होते. मी तेव्हा भाईंदरच्या मिठागरावर कामाला होतो आणि आम्ही नुकतंच शेवटच्या वाफ्यांत खारं पाणी सोडलं होतं. उत्तरेचा कोरडा वारा सुटला होता. मिठाला असाच वारा लागतो. दहाच्या सुमारास बांधावरून लवू पळत येताना दिसला. लवू आमच्याच टोळीतला, त्या दिवशी त्याला उशीर झाला होता. मला वाटलं, मुकादमाला भिऊन पळतोय. मी ओरडलो, "अरे, सावकाश ये! मीठ पळून जात न्हाय!"

सगळे हसले. लवू हसला नाही. जवळ येऊन त्याने माझ्या हातातलं फावडं काढून घेतलं.

"राघोदा, घरी चल. वयनी विहिरीवर पडल्या."

"लागलंय का?"

"न्हाय. उठत न्हाईत."

मुर्ध्याला घरी पोचेपर्यंत सगळं संपलं होतं. तिला ओटीवर आणून ठेवलं होतं. मी दाराशी उभा राहिलो. जवळ बसायला मला बराच वेळ लागला.

आता स्वप्नाचं सांगतो.

लग्नानंतर काही वर्षांनी सुगंधाला एक स्वप्न पडायला लागलं. ती बांधावर उभी असते, मागून वारा येतो आणि तिला उचलून नेतो. खाली वाफे दिसतात, खाडी दिसते, आमचं कौलारू घर दिसतं. एकदा सकाळी तिने मला हे सांगितलं आणि मी कामावर जाऊन गंमत म्हणून सगळ्यांना सांगितलं. त्याच दुपारी उत्तरेचा वारा सुटला. पंधरा दिवसांनी परत तसंच झालं. मग आमचा मुकादम, गोवर्धन, मला रोज सकाळी विचारायला लागला, "क्यों राघो, घरवाली उडी के नहीं?" उडाली म्हटलं की तो शेवटच्या वाफ्यांत पाणी सोडायला सांगायचा. वारा आला तर पाणी लवकर आटतं आणि मीठ चांगलं धरतं.

लवू म्हणायचा, "राघोदा, वयनीला दोन घास कमी घाल. हलकी झाली की रोज उडंल." मीही हसायचो.

खरं म्हणजे तिचं स्वप्न जितक्यांदा खरं झालं तितक्यांदा खोटंही झालं. खोटं झालेलं कोणी लक्षात ठेवलं नाही. त्या महिन्यांत उत्तरेचा वारा तसाही येतोच. पण त्याआधी मला कोणी कधी काही विचारलं नव्हतं. मी बोलेन त्यावर पाणी सोडायचं की नाही ते ठरत होतं. त्याची मला चटक लागली. रोज उठल्या उठल्या मी तिला विचारायचो, "पडलं का गं?"

सुगंधा घोडबंदरजवळच्या चेणे गावची. तिच्या माहेरी या स्वप्नाचा अर्थ वेगळाच होता. तिची आई जिजाबाई सांगायची की बाई फार थकली, आतून खचली की वारा तिला उचलतो. मग ती ज्याला स्वप्न सांगेल त्याने ते शेवटपर्यंत ऐकायचं, मधे उठायचं नाही. संपल्यावर तिच्या पावलांवर हात ठेवायचा आणि म्हणायचं, "उतर." नाहीतर ती वाऱ्यावरच राहते.

पहिल्या वेळीच तिने मला हे सांगितलं होतं. मी म्हणालो, "म्हंजे मी तुझ्या पाया पडू?"

"पाया न्हाय पडायचं. नुसता हात ठेवायचा."

"कोणी बघितलं तर? उद्या लवू मला लुगडं नेसायला आणील."

ती हसली. "बरं, राहू दे," म्हणाली.

नंतर तिने दोनदा विचारलं. मग विचारणं सोडलं. मी फक्त वाऱ्यापर्यंत ऐकायचो आणि उठायचो. स्वप्न पुढे कुठे जातं, वारा तिला कुठे नेऊन टाकतो, हे मला माहीत नाही.

त्या दिवशी सकाळी ती चुलीपाशी भिंतीला टेकून बसली होती. चहा झाला नव्हता. मी विचारलं, "पडलं का?"

"पडलं. पण आज येगळंच व्हतं. अवो, जरा बसा की."

"वारा व्हता ना?"

"व्हता. लई व्हता. पण मंग..."

मी पायात चपला सरकवल्या. "संध्याकाळी सांग," म्हणालो आणि चहा न घेता निघालो. गोवर्धनला सर्वांत आधी मला सांगायचं होतं. बांधावरून मी लांबूनच हात वर केला आणि त्याला कळलं.

संध्याकाळी तिला खाडीकाठच्या मसणात नेलं. वारा पडला नव्हता. चिता झटकन पेटली. माझ्यामागे कोणीतरी हळू आवाजात म्हणालं, "वयनी वारा देऊन गेली." आणि तेव्हा, बायको समोर जळत असताना, माझ्या मानेला वारा लागला आणि माझ्या मनात आलं की असाच राहिला तर परवापर्यंत मीठ धरेल. हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही.

घरी आलो तर शेजारची शेवंती बसली होती. ती मासे विकायची. सुगंधाची तिच्याशी मैत्री होती. ती म्हणाली, "राघोभाऊ, तिचे पाय संक्रांतीपासून सुजले व्हते. बोट दाबलं की खड्डा पडायचा. तुमाला दिसलं न्हाय?"

मी म्हणालो, "न्हाय."

"दोनदा मी तिच्या पायावर हात ठेवला, तिच्या आईचं ते असतंय ना, त्यासाठी. तवा कळलं. मी म्हटलं डाक्टरकडं जा. तर म्हणाली, मीठ उचलून होऊ दे, मंग यांना सांगते."

एवढं सांगून शेवंती उठली. तिने शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

जिजाबाई दुसऱ्या दिवशी सकाळी चेण्याहून आली. आम्हाला मूल नव्हतं आणि सुगंधा तिची एकुलती एक. ती रडत नव्हती. आत येऊन माझ्यासमोर बसली आणि विचारलं, "तिला वाऱ्याचं पडत व्हतं. शेवटचं कवा पडलं?"

"काल सकाळी."

"तुला सांगितलं?"

"सांगितलं."

"शेवटपातूर ऐकलंस?"

शेवंती दाराशी होती. तिने माझ्याकडे पाहिलं आणि मान खाली घातली. मी म्हणालो, "ऐकलं."

"आन् पायावर हात ठेवून उतर म्हणालास?"

"म्हणालो, आये."

तेव्हा जिजाबाईला रडू फुटलं. तिने माझे दोन्ही हात धरून आपल्या डोळ्यांना लावले. "मंग माजी पोर वाऱ्यावर न्हाय," म्हणाली, "खाली उतरून गेली." ती माझे हात सोडेना. मला ते ओढून घ्यावेसे वाटत होते.

चेण्याला जाऊन तिने हे सगळ्यांना सांगितलं. तिकडे माझं नाव झालं. बायका आपल्या नवऱ्यांना म्हणतात, सुगंधाच्या राघोला बघा, बायकोच्या पायाला हात लावायला लाजला नाही. दर वर्षी जिजाबाई माझ्यासाठी वालाची पिशवी पाठवते. मी ते वाल शेवंतीला देऊन टाकतो. तीही काही न बोलता घेते.

सुगंधा गेल्यावर मी मिठागर सोडलं. आता एका कारखान्यात पहाऱ्याला आहे. या गोष्टीला सात वर्षं झाली. मागच्या महिन्यात ते स्वप्न मला पडलं. वाऱ्याने उचललं. तिला त्यात मजा वाटत असेल असं मी इतकी वर्षं धरून चाललो होतो. मजा नाही. पाय खाली जमीन शोधत राहतात आणि हाक मारायला तोंडातून आवाज निघत नाही. जाग आली तेव्हा मी खाटेची कड घट्ट धरून होतो. सांगायला घरात कोणी नव्हतं.

परवा चेण्याचा एक माणूस वाल घेऊन आला. म्हणाला, म्हातारीला आता दिसत नाही, अंथरुणाला खिळली आहे, पण जो येईल त्याला जावयाची गोष्ट सांगते. इथून घोडबंदरपर्यंत एस.टी. मिळते, पुढे थोडं चालावं लागतं. या सात वर्षांत मी दोनदा निघालो आणि दोन्ही वेळा घोडबंदरच्या नाक्यावरून परत आलो.

जिजाबाईला खरं सांगायचं अजून राहिलं आहे.