शेवटची गाडी जाईपर्यंत

मी एक जुनं गाणं आहे. वय पन्नासच्या वर, जन्माच्या वेळी लांबी नऊ मिनिटं. आणि मित्रांनो, आधीच सांगून ठेवते, मी कापून मिळणार नाही!

माझा जन्म अलाबामातल्या दलदलीकाठच्या एका पत्र्याच्या शेडमध्ये झाला. आपल्या वडिलांना दफनभूमीत पोचवून आल्यावर ड्यूई टार्प्लीने मला लिहिलं. आमच्याकडे अंत्ययात्रा गाड्यांची असते; ती दिसली की समोरून येणारे गाडी कडेला घेतात, शेवटची गाडी जाईपर्यंत हलत नाहीत. त्या दिवशी एक अनोळखी ट्रकवाला टोपी काढून भर उन्हात उभा राहिला होता. पूर्ण नऊ मिनिटं. म्हणून मी एवढी! आधी शब्द, मग चार मिनिटं नुसती गिटार, एकामागून एक जाणाऱ्या गाड्यांसारखी.

ध्वनिमुद्रणाच्या दिवशी शेडची भट्टी झाली होती. पंखा लावला की त्याची घरघर माझ्यात शिरायची, म्हणून तोही बंद. दुसऱ्याच मिनिटाला गिटारवाल्या हार्लनची तार तुटली.

"थांबू नकोस!" ड्यूई ओरडला.

"अरे, तार गेली!"

"पाच आहेत ना अजून? टायर फुटला म्हणून यात्रा घरी जाते का?"

हार्लनने उरलेली सात मिनिटं पाच तारांवर काढली. ती ओरड अजून माझ्यात आहे. कान देऊन ऐका.

मग आले रेकॉर्ड कंपनीचे साहेब. "रेडिओवर तीन मिनिटं चालतात. शेपूट छाटा."

"साहेब, तुम्ही अंत्ययात्रेला ओव्हरटेक करता का हो?" ड्यूईने विचारलं. साहेबांनी तरी छाटलंच.

तीन मिनिटांची मी गाजले! कुणी मला व्हायोलिनच्या पाकात बुडवलं, कुणी लग्नात गायलं, कुणी माझ्यावर ट्रॅक्टर विकले. एका बँडने तर तार तुटल्याचा आवाजही हुबेहूब काढला. शेपूट मात्र सगळ्यांनी गाळलं. टाळ्या मला मिळाल्या, पण अपुऱ्या मला.

गेल्या वसंतात ड्यूई गेला. चर्चच्या पायरीवर त्याची पंधरा वर्षांची नात ओपल गिटार घेऊन बसली.

वेंडेलकाका म्हणाले, "रेडिओवरचं छोटं वाजव गं. बायकांनी नंतरच्या जेवणाला कोंबडी तळून ठेवलीय, गार होईल."

"काका, कोंबडी परत तळता येते."

"परत तळलेली कोण खाणार?"

"आणि आजोबा परत जाणारेत का?"

काका गाडीत जाऊन बसले.

शवपेटीची गाडी हलली, ओपलने मला सुरू केलं. तीन मिनिटं झाली. काकांच्या गाडीतून एक हात बाहेर आला, बस कर म्हणून. पोरीने मानच फिरवली! शब्द संपले, गिटार सुरू झाली. नऊ मिनिटं झाली आणि मी संपले. पण गाड्या संपेनात! सगळा तालुका लोटला होता. ओपलची बोटं अडखळली. मलाही पुढचं येत नव्हतं, खरंच सांगते.

इतक्यात रांगेतली सगळ्यात मागची, खडखडणारी गाडी हाकेच्या अंतरावर आली. आत ऐंशीचा हार्लन. काच खाली करून तो ओरडला, "थांबू नकोस!"

आणि ओपलने मला पुढे नेलं. कुणी न लिहिलेल्या सुरांत, त्याची गाडी वळणाआड जाईपर्यंत.

मी आता बारा मिनिटांची आहे, साहेब!

मित्रांनो, मला बेसूर गा, तार तोडा, शब्द विसरा, मी रागावणार नाही. पण मध्येच उठून जाऊ नका. कुणाची तरी गाडी अजून यायची असते.