'कट'नंतरचे साडेतीन सेकंद

दुपारी दोनला केस्लिंगसाहेब सीन बघणार होते, आणि पावणेदोनलाही माझ्या टेबलाशी फिल्मचे तुकडे लोंबतच होते. साहेब आमचे निर्माते, मी संकलक. सकाळीच बजावून गेले होते, "ओपल, म्हातारा चालला नाही तर सोमवारी त्याच्या जागी दुसरा उभा करतो."

म्हातारा म्हणजे क्लेमंट रड. चाळीस वर्षं पडद्यावर, आणि आता त्याला वाक्यं आठवत नव्हती. साहेबांना वाटे, दारू पिऊन येतो. खरं काय ते बर्बँकच्या अख्ख्या स्टुडिओत मला एकटीला ठाऊक होतं, कारण रोज त्याचा चेहरा मीच मागेपुढे फिरवून बघत होते.

सीन साधा. बऱ्याच वर्षांनी लेक दारात येते, बाप तिला आत बोलावतो. नऊ टेक झाले, नऊही वेळा गाडी अडली. शेवटी मी प्रत्येक टेकचं शेपूट तपासायला घेतलं. दिग्दर्शक 'कट' म्हणाला तरी कॅमेरा क्षणभर चालूच असतो, आणि तेवढ्यात नट नट राहत नाही. तिथलं चोरून वापरणं आमच्या धंद्यात सगळेच करतात.

सातव्याच्या शेपटात रड बाजूला बघत होता. ओठ उघडे, डोळ्यांत नुसती भीती. ते साडेतीन सेकंद मी लेकीच्या चेहऱ्यानंतर चिकटवले आणि बापाचं वाक्य काढूनच टाकलं. बापाने लेकीला ओळखलंच नाही, असं झालं! अंगावर काटा आला, आणि खोटं कशाला बोलू, मी स्वतःवर खूषही झाले.

दोनला साहेबांनी रडला शेजारी बसवून सीन बघितला, आणि चष्मा काढून डोळे पुसले. "रडसाहेब, कमाल केलीत! ठरलं, भूमिका तुमचीच."

रड खुर्चीतून उठला. माझ्यामागून खोलीत आला आणि दार लावून घेतलं.

"पोरी, तिथे मी पुढचं वाक्य काय ते विचारत होतो."

"माहीत आहे मला."

"मग? ते काम नाही माझं. काढ ते."

"काढलं तर ते तुम्हालाच काढतील! कळतंय का तुम्हाला?" मी ओरडलेच. मला त्याला वाचवायचं होतं हो.

"माझी घाबरगुंडी तिकीट लावून दाखवणार तू? मी मेल्यावरसुद्धा?"

फार लाज वाटली मला.

"नऊपैकी त्यातल्या त्यात बरा टेक लाव," तो म्हणाला. "चुकलेला असू दे. पण मी काम करताना दिसलो पाहिजे."

मी जोडावरची चिकटपट्टी सोलली. नवा जोड दोनदा वाकडा बसला. मग साहेबांना फोनही मीच केला.

"सीन बदललाय," मी म्हटलं. "पुन्हा बघायला या."

रड शेजारच्या स्टुलावर बसून टाय नीट करत होता.