बाराव्याच्या आधी

रघुनाथरावांनी लाल पेनानं यादीतलं तिसरंही नाव खोडलं, तसा विभावरीनं त्यांचा हातच धरला.

"काका, खोडू नका हो आता. चारला मला आत सोडणार आहेत."

तीन वाजून गेले होते. तिचं पाच दिवसांचं बाळ इस्पितळात काचेच्या पेटीत होतं. आजचा दिवस निघू दे, मग बघू, एवढंच डॉक्टर सकाळी म्हणाले होते. टाक्यांवर हात दाबत, एकेक पायरी मोजत ती वरच्या मजल्यावरून घरमालकांकडे उतरली होती. रघुनाथरावांचा सगळा जन्म कानडी मुलखात, चामराजपुरममध्ये, संस्कृत शिकवण्यात गेलेला. चुकीच्या अर्थाची त्यांना मनस्वी चीड.

"रेयांश म्हणे सूर्याचा पहिला किरण! यात सूर्य कुठाय? किरण कुठाय? मोबाइलवर कोणीतरी दिलंय ठोकून."

"मग खरं असेल ते द्या. कुठलंही चालेल. फक्त खोटं नको."

त्यांच्या पत्नी गौराबाईंनी पाण्याचा तांब्या पुढे केला.

"अय्यो, कूतको आधी. बस गं. बारसं बाराव्याला असतं. पाचव्या दिवशी कोण नाव ठेवतं?"

"सांगलीहून सासूबाईही तेच म्हणतात. दोन वर्षांपूर्वीही तेच म्हणाल्या होत्या, आणि मी थांबले." विभावरीचा आवाज चिरकला. "नवव्या दिवशी गेली ती. कागदावर काय लिहिलंय माहितीये काकू? विभावरी यांचे बाळ. माझी पोर बिननावाची गेली. ह्याला मी तसं नाही जाऊ देणार."

रघुनाथरावांनी चष्मा पुसला, पुन्हा लावला आणि यादीतली शेवटची ओळ वाचली.

"सुयश. दीर्घायुषी." त्यांनी अर्थ खोडला, नाव राहू दिलं. "नाव खरं आहे. पण सुयश म्हणजे चांगली कीर्ती. आयुष्याचं यात काही नाही. खोटं मी सांगणार नाही तुला."

"कीर्ती मिळवायला जगावं लागतंच की," गौराबाई म्हणाल्या.

"सुयश." विभावरीनं हळूच म्हणून पाहिलं. पुन्हा एकदा म्हटलं. बाहेर तिच्या नवऱ्यानं, विक्रांतनं, गाडीचा हॉर्न वाजवला. ती उठली, दारापर्यंत गेली आणि चौकट धरून तिथेच थांबली.

"काकू, तिचं नाव राहिलंच हो."

"काय राहिलं?" गौराबाई जवळजवळ रागावल्याच. "दिवसभर चिऊ, चिऊ करायचीस. खाली माझ्या स्वयंपाकघरात ऐकू यायचं. तू हाक मारलीस की पोर रडायची थांबायची. हौदल्ला हो, खरं ना?"

"हौदु," रघुनाथराव म्हणाले. "मीही ऐकलंय."

विभावरी चौकटीला टेकून रडायला लागली. चिऊच्या त्या नऊ दिवसांत तिनं डोळ्यांत पाणी असं कधी येऊ दिलं नव्हतं, पोरीला घोर लागेल म्हणून.

रघुनाथरावांनी शेजारच्या शब्दकोशाला हात लावला नाही. लाल पेन बाजूला ठेवून त्यांनी निळं घेतलं, यादीखाली सावकाश 'चिऊ' लिहिलं, आणि समोर अर्थाच्या रकान्यात लिहिलं : सुयशची ताई.