रुपरावांचं भाषण

महाल भागातल्या विणकरांच्या गल्लीत माहितीपटाचं शूटिंग आलं त्या दिवशी गल्लीनं सगळ्यात आधी माग बंद केले. घरी पाहुणे आलेले असताना काम करत बसणं बरं दिसत नाही. पुरुषांनी लग्नातले कोट चढवले आणि मागाशेजारी पापणी न हलवता बसले, फोटो स्टुडिओत बसतात तसे. कॅमेरा दिवसभर त्यांच्याकडे बघत राहिला, ते कॅमेऱ्याकडे.

गल्लीचे पुढारी रुपराव धकाते. त्यांनी भाषण केलं. पहिलं रीळ संपलं तेव्हा ते नुकतेच भोसल्यांच्या काळापर्यंत पोचले होते.

हा सगळा ऐवज कापायला आला त्यांच्याच मुलीकडे. गोपिका प्रताप नगरातल्या एका छोट्या चित्रसंस्थेत होती. आजवर दुसऱ्यांनी कापलेले तुकडे चिकटवण्याचं काम तिनं केलं होतं. संकलनासाठी अख्खी फिल्म हाती आली ती ही पहिलीच.

"बारा मिनिटांत बसवा," दिग्दर्शक मार्तंडसाहेब म्हणाले. "जमलं तर पडद्यावर तुमचं नाव. नाही तर फिल्मचे डबे मुंबईला, दुसऱ्या संकलकाकडे, आणि तुम्ही परत चिकटवायच्या बाटलीपाशी."

घरी आई, प्रयागबाई, म्हणाली, "आमची जिंदगी तुटलेलं सूत जोडण्यात गेली, अन् पोरगी कापाचा पगार घेते!"

"माह्यं भाषण ठेवलं ना वं?" रुपरावांनी विचारलं.

"पाहून राहिली, बाबा."

"त्यात पाहाचं काय? कापाचंच असन तर बाबनरावले काप. तो नुसता बसून आहे."

कोपऱ्यावर बाबनराव भेटले. "पोरी, तुह्या बापाले काप. अर्धी फिल्म वाचन."

गोपिकानं सगळं पुन्हा पाहिलं. कोट होते, मिशा होत्या, इतिहास होता. फक्त विणणारं कोणी नव्हतं. शेवटी तिनं टाकाऊ तुकड्यांचा डबा उघडला. शूटिंगच्या आदल्या दिवशी कॅमेरावाला उजेड तपासायला गल्लीत येऊन गेला होता. कोट तेव्हा पेटीत होते. त्या तुकड्यांत माग चालत होते, धोटा धावत होता, हात सूत जोडत होते. सोबतच्या आवाजवाल्यानंही आपलं यंत्र चालूच ठेवलं होतं. एका तुकड्यात तर रुपराव होते, बनियनवर.

तिनं कात्री घेतली. आधी कोट गेले. मग बाबनराव गेले. मग तिनं भोसल्यांसकट भाषण कापलं.

चौकात पांढरी चादर टांगून खेळ ठेवला. रुपराव कोट घालून पहिल्या खुर्चीत. गोपिका प्रोजेक्टरमागे, पळायला सोयीचं म्हणून.

पडद्यावर हातच हात. "हे माहे हात!" बाबनराव ओरडले.

"काहून गा? माहे आहेत!" मागून दोघं उठले. भांडण चांगलं रंगलं. भाषण काही येईना तशी रुपरावांची मान हळूहळू मागे, लेकीकडे वळू लागली.

तेवढ्यात पडदाभर रुपराव आले. बनियन, कपाळावर घाम. कॅमेऱ्यावर खेकसले, "सरक गा बाजूले! सूत तुटून राहिलं!"

अंगठ्याला थुंकी लावून त्यांनी सूत जोडलं. माग पुन्हा चालू झाला.

चौक असा हसला की चादर हलली. शिट्ट्या, टाळ्या, "रुपराव की जय!" बाबनराव डोळे पुसत म्हणाले, "हा खरा रुपराव! घरी अस्साच बोलते!"

रुपराव उठले. कोटाची बटणं सोडली. "मंग?" ते चौकाला म्हणाले. "मुद्द्याचंच बोललो ना मी?"

त्यानंतर पडद्यावर अक्षरं उमटली: संकलन – गोपिका रुपराव धकाते. प्रयागबाईंनी ती शेजारणीला मोठ्यानं वाचून दाखवली. शेजारणीला वाचता येत होतं. लोकांनी फिल्म पुन्हा लावायला लावली, मग आणखी एकदा. डबे मुंबईला गेलेच, पण बक्षीस घ्यायला.

पुढे टीव्ही आला. तिथं गोपिकाबाईंच्या संकलनाच्या टेबलावर मंत्र्यांची भाषणं येऊ लागली आणि मंत्र्यांचे सचिवही. "साहेबांचं कापू नका," ते सांगत. बाई त्यांना चहा पाजत आणि म्हणत, "मी तर बापाले कापलं. तो अजून खूश आहे."

सचिव चहा न संपवताच उठत.