विचारलेला शब्द

नूतनने पाण्याचा पेला नानांच्या डोळ्यांसमोर धरला आणि ती थांबली. पेला काठोकाठ भरलेला होता. हात अवघडत चालला होता, तरी पाणी न सांडता ती तशीच बसून राहिली.

नानांनी आधी पेल्याकडे पाहिलं, मग तिच्याकडे. ओठ हलले. गुडघ्यावर ठेवलेल्या डाव्या हाताची बोटं थोडी उचलली गेली.

“ट्रॅप्ड,” ते म्हणाले.

“पाणी,” नूतन म्हणाली. “पा-णी.”

“ट्रॅप्ड.”

या खेपेला शब्दाला जराशी धार होती. ओट्यावर आई दादर ज्वारी निवडत बसली होती. तिने सूप बाजूला ठेवलं, गुडघ्यावर हात टेकत उठली आणि आतून शाल आणून नानांच्या खांद्यांवर टाकली.

“पानी नही जोयजे त्यास्ले,” ती म्हणाली. “थंडी वाजी ऱ्हायनी.”

नानांनी शालीत मान आत घेतली, डोळे मिटले आणि पुन्हा तोच शब्द म्हणाले. आता त्यातली धार गेली होती. आई परत सुपाशी जाऊन बसली. नूतनने पेल्यातलं पाणी स्वतःच पिऊन टाकलं, कारण त्याचं दुसरं काय करावं हे तिला सुचेना.

दिवाळीनंतरच्या एका संध्याकाळी नाना अंगणात पडले होते. उजवी बाजू लुळी झाली आणि भाषा गेली. सोनगीरच्या शाळेत उभा जन्म इंग्रजी शिकवलेला माणूस. बाविस्कर सर वर्गात इंग्रजी बोलत, सभेत मराठी आणि घरात अहिराणी. यातलं काहीच उरलं नाही. उरला तो एक शब्द, तोही इंग्रजी. धुळ्याच्या दवाखान्यात वाचा-उपचार करणाऱ्या मुलीने समजावून सांगितलं होतं की असं होतं, मेंदूचा बोलण्याचा भाग दुखावला की कधी कधी एखादाच शब्द शिल्लक राहतो. कुणाकडे देवाचं नाव राहतं, कुणाकडे शिवी. त्या शब्दाच्या अर्थाकडे लक्ष देऊ नका, सुराकडे द्या, असं ती म्हणाली होती.

आईला हे कुणी सांगावं लागलं नव्हतं. तिला इंग्रजी येत नव्हतं, त्यामुळे अर्थाची अडचणच नव्हती. शब्द आखूड आला की चहा. लांबवला की कूस बदलायची. वर चढत गेला की दारात शेळी शिरली आहे. आणि सकाळी उठल्या उठल्या, तिने दार उघडून उजेड आत घेतला की नाना जो म्हणत तो अगदी हळू असे, आणि त्याला आई नुसतं “हां” म्हणे.

गावही सरावलं होतं. दाढी करायला येणारा छगन नानांचाच जुना विद्यार्थी. इंग्रजीच्या तासाला तो वर्गात कमी आणि वर्गाबाहेर जास्त असे. साबण लावता लावता तो गप्पा चालू ठेवी.

“सर, यंदा कपाशीना भाव काय व्हई?”

“ट्रॅप्ड.”

“तेच मी बी सांगस लोकेसले,” छगन म्हणे, आणि वस्तरा पुसताना नूतनकडे वळून सांगे की शाळेत सरांनी त्याला बोलायला अख्खी डिक्शनरी वापरली, आता एकाच शब्दात भागवतात, ही मोठी प्रगती आहे. यावर नानांच्या तोंडाची डावी बाजू हसे.

हसत नव्हती ती एकटी नूतन.

अर्थाकडे लक्ष देऊ नका, हे सांगणं सोपं होतं. पण तिला अर्थ येत होता. कोसळलेल्या खाणीत लोक असतात तेव्हा हा शब्द वापरतात. बंद पडलेल्या लिफ्टमध्ये, पुरात, ढिगाऱ्याखाली. आत कुणीतरी जिवंत आहे, त्याला बाहेरचं ऐकू येतंय आणि बाहेर यायला वाट नाही, एवढं सगळं त्या एका शब्दात असतं. निम्मं शरीर निकामी झालेला माणूस दिवसभर हेच म्हणत असेल तर तो योगायोग आहे, हे तिच्यातल्या विज्ञानाच्या पदवीधराला मान्य होतं. मुलीला नव्हतं.

जळगावला ती गुलाबी बोंडअळीवर संशोधन करत होती. मेहरूणमध्ये तलावाच्या बाजूला तिची भाड्याची खोली होती, आणि आसपासच्या कपाशीत तिने लावलेले कामगंध सापळे होते. मादीच्या वासाची गोळी ठेवलेली असते, नर पतंग त्या वासावर येतात आणि आत सापडतात. चार दिवसांसाठी म्हणून ती सोनगीरला आली आणि राहिलीच. आता संक्रांत येऊन गेली होती. तिच्या मार्गदर्शकांनी दोनदा फोन करून सांगितलं होतं की हंगाम संपत आलाय, सापळे बघायला कुणी नाही, लेख अर्धवट पडलाय, यायचं असेल तर या आठवड्यात ये, नाहीतर काम दुसऱ्या कुणाकडे सोपवावं लागेल. सोपवा, असं सांगायचं तिने जवळजवळ ठरवलं होतं. ट्रॅप्ड, ट्रॅप्ड म्हणणाऱ्या बापाला मागे ठेवून एस.टी.त कसं बसायचं, हे तिला कळत नव्हतं.

त्यापेक्षा तो शब्दच घालवायचा, असं तिच्या मनाने घेतलं. त्या शब्दाने मागितलेलं काही द्यायचं नाही. दुसरा कुठलाही शब्द आला, अर्धा आला, नुसता ‘पा’ आला, तरी लगेच द्यायचं. सवयी अशाच सुटतात. हे तिने आईला समजावून सांगितलं. आईने ऐकून घेतलं, मान हलवली, आणि पुढच्याच वेळी नाना शब्द म्हणाले तेव्हा उठून त्यांची उशी नीट केली.

शालीच्या प्रसंगानंतर दुसऱ्या दिवशी दुपारी नूतनने पुन्हा प्रयत्न केला. ओट्यावर ऊन आलं होतं. तांबटांच्या आळीतून हंडा ठोकल्याचा आवाज येत होता. नानांना खुर्चीत बसवून तिने समोर केळं धरलं. नानांना केळं आवडायचं, तिला ठाऊक होतं.

“ट्रॅप्ड,” नाना उत्साहाने म्हणाले आणि डावा हात पुढे केला.

नूतनने केळं मागे घेतलं.

“केळं म्हणा, नाना. के.”

“ट्रॅप्ड.”

“के...”

नानांचा हात हवेत तसाच राहिला. त्यांनी आणखी एकदा तो शब्द म्हटला, मग आणखी एकदा, प्रत्येक वेळी थोडा वेगळा, जणू कुठल्या सुरात म्हटलं म्हणजे पोरीला कळेल हे ते शोधत होते. मग हात खाली घेतला. नूतनला ते बघवेना. केळं हातात घेऊन ती उंबऱ्याकडे तोंड करून उभी राहिली.

आईने तिच्या हातातून केळं काढून घेतलं. सोलून अर्धं नानांच्या हातात दिलं. मग पदराला हात पुसत ती नूतनजवळ आली. आवाज चढवला नाही.

“तो शब्द तू काय मोडाले निंघनी? तुनाच शे ना तो.”

नूतनने वळून पाहिलं. “माझा?”

“तुना फोन उना व्हता ना त्या दिनले. तूच इचारेल व्हता तो.”

आईने तिच्या तोंडाकडे पाहिलं आणि तिची भुवई जराशी वर गेली.

“माले वाटनं तुले माहीत शे,” ती म्हणाली.

मग तिने सांगितलं. सांगताना ती सूप जवळ ओढून बसली, कारण हात रिकामे असले की तिला बोलता येत नसे. नाना पडले त्या दिवशी दुपारी नूतनचा फोन आला. बोलणं झालं, फोन ठेवला, आणि त्यानंतर नाना दुपारभर त्या शब्दाच्या मागे होते. जेवून आडवे व्हायचे ते झालेच नाहीत. अंगणात येरझाऱ्या घालत एकदा हा शब्द म्हणायचे, एकदा दुसरा कुठला तरी, आणि मान हलवायचे. तिला इंग्रजी येत नाही हे ठाऊक असूनही त्यांनी तिला बसवून दोन शब्दांतला फरक सांगितला. ती निवडत बसली होती, नुसतं हूं हूं करत होती. पोरीने आज चांगला प्रश्न विचारला, असंही म्हणाले. चहा झाला. ऊन उतरलं. मग त्यांना काहीतरी आणखी आठवलं, किंवा सुचलं. पोरीला घाईत अर्धवटच सांगितलं, म्हणाले.

सुपातला एक खडा आईने बोटाने बाजूला सारला.

“फोन लेवाले उठनात तुना नाना,” ती म्हणाली. “तुलेच लावनार व्हतात.”

एवढं सांगून ती निवडायला लागली.

नूतन ओट्याच्या पायरीवर बसली. तो फोन तिला आता आठवत होता. शेताच्या बांधावर बसून केला होता, मांडीवर लेखाचा मसुदा होता. अडलेला शब्द नानांना विचारायचा ही सवय शाळेपासूनची. आठवड्यातून कितीदा विचारी, म्हणून एखादा वेगळा असा लक्षात राहत नसे. नाना, सापळ्यात आलेल्या पतंगांना कॉट म्हणायचं की ट्रॅप्ड? नाना म्हणाले होते, वाक्य पूर्ण वाच. ते नेहमीच असं म्हणत. शब्द एकटा विचारायचा नाही, तो कुणाशेजारी बसलाय ते आधी सांग. तिने वाक्य वाचलं. त्यांनी उत्तर दिलं. तिने ते लिहिलं, बरं ठेवते म्हणाली, आणि पुढच्या सापळ्याकडे गेली. संध्याकाळी दुसरा फोन आला तो आईचा, आणि त्याने आधीचं सगळं पुसून टाकलं.

नाना केळं खात होते. शाल एका खांद्यावरून घसरली होती. नूतन उठून त्यांच्या खुर्चीपाशी गेली, शाल सारखी केली आणि जमिनीवर बसून त्यांच्या निर्जीव उजव्या हातावर आपला हात ठेवला. मग पिशवीतून तिने मसुदा काढला. इतक्या दिवसांत तिने तो उघडला नव्हता. ते वाक्य शोधायला वेळ लागला नाही. इंग्रजी वाक्य तिने सावकाश वाचलं, पहिल्यापासून, आणि त्या जागेवर येऊन थांबली.

“इथे कुठला शब्द घेऊ, नाना?”

नाना चघळायचे थांबले. खुर्चीत त्यांची पाठ थोडी ताठ झाली. डाव्या हातातलं केळं त्यांनी खडूसारखं वर धरलं.

“ट्रॅप्ड,” ते म्हणाले.

हा सूर आईच्या यादीत नव्हता. नूतनच्या होता. नानांच्या वर्गात तिसऱ्या बाकावर बसून तिने तो ऐकलेला होता.

त्यानंतर ते तिच्याकडे बघत राहिले. सांगायचं आणखी होतं, हे दिसत होतं. ओठ उघडले, मिटले, पुन्हा उघडले, आणि तोच शब्द पुन्हा आला, मग पुन्हा, खालीवर होत, थांबत, स्वल्पविराम घेत. नूतनने एकदाही त्यांना अडवलं नाही. बोलून झाल्यावर नाना मागे टेकले आणि त्यांनी उरलेलं केळं संपवलं.

संध्याकाळी आईने तिच्या पिशवीत मेथीचे लाडू भरले तेव्हा कुणी जायचा विषय काढलाही नव्हता.

“तू जाय,” आई म्हणाली. “मी शे ना.”

सकाळी निघताना नूतन नानांच्या पाया पडली. त्यांनी डावा हात तिच्या डोक्यावर ठेवला आणि आपला शब्द उच्चारला. तिनेही आईसारखं नुसतं “हां” म्हटलं.

हायवेवरून गाडी मिळाली. धुळ्याला बदलून ती जळगावच्या एस.टी.त बसली. खिडकीबाहेर कपाशीची शेतं मागे पडत होती, बहुतेक वेचून झालेली, झाडांवर कुठे कुठे अळीने बिघडलेला, कवडीचा कापूस. मांडीवर कागद घेऊन ती काहीतरी लिहीत होती, खोडत होती. लेखाचं काम असतं तर तिने एवढी वाक्यं टाकून दिली नसती. कुठल्या वाक्यात नुसता कॉट हा शब्दही चालून जात होता, कुठल्यात स्टक, आणि तिला असं वाक्य हवं होतं ज्यात ट्रॅप्डशिवाय दुसरा कुठलाच शब्द चालणार नाही. पारोळा गेलं, एरंडोल गेलं. अखेर एक जमलं.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी सापळे बघून झाल्यावर ती बांधावर बसली आणि तिने घरी फोन लावला. आईने उचलला, लाडू खाल्ले का विचारलं, आणि काही न सांगताच फोन नानांच्या कानाला लावला. नूतनला त्यांचा श्वास ऐकू आला, आणि मागे तांबटांची ठोक.

“नाना, एक शब्द विचारायचा होता.”

श्वास थांबला.

तिने वाक्य पूर्ण वाचलं. कपाशीच्या दाट ओळींमध्ये दिवसभराची ऊब शिरते आणि सूर्य कलल्यावरही तिथेच राहते, अशा अर्थाचं ते होतं, आणि क्रियापदाच्या जागी ती थांबली. समोरच्या ओळीत तिने हात घातला. माती अजून कोमट होती.

“ट्रॅप्ड,” नाना म्हणाले.

“बरोबर. तोच बसतो.”

पलीकडे घसा साफ केल्याचा आवाज आला. मग तो शब्द दुसऱ्यांदा आला, सावकाश, अक्षर न् अक्षर सुटं करून, वर्गात लिहून घ्यायला सांगताना ते म्हणत तसा.

नूतनने तो लिहून घेतला.