चुलीपाशी सुकलेले बूट

डोंगरावरून मेंढ्या उतरवायच्या आदल्या दिवशी बाबा ओसरीवर बूट शिवत बसले होते. उजव्या बुटाचं वरचं चामडं, बोटं वळतात तिथे, आडवं फुटलं होतं. जुन्या लगामाचा तुकडा आतून लावून, आरीने भोकं पाडत ते मेणाचा दोरा ओढत होते.

"मर्डो, नवं घे की गड्या," ह्यूईकाका फाटकाशी थांबून म्हणाले. या कामाला ते तीस वर्षं बाबांच्या जोडीने जात होते.

"तळ शाबूत हाय. तुझं डोस्कं कवाचं फुटलंय, बायकोनं बदललं का तुला?"

ह्यूईकाका हसत गेले. बाबांचं हसू मात्र टिकलं नाही.

"वल्लं बूट चुलीपाशी ठिवू नये, हे तुला म्याच शिकवलं, आयल्सा. आन् म्याच ठिवून इसरलो."

ठेवले मी होते. रविवारी मी शहरातून आले तेव्हा बूट दारात भिजलेले दिसले. बाबांना कोरडे मिळावेत म्हणून लोखंडी चुलीला टेकवले आणि वाचत बसले. चामडं खापरासारखं कडक झालं, तडकलं. बूट चुलीपाशी कुणी ठेवले, असं बाबांनी विचारलं, तेव्हा मी पुस्तकातून मान वर केली नाही.

"तुम्हीच ठेवले असतील, लक्षात राहिलं नसेल," मी म्हणाले.

"ह्यूईला सांगतो," बाबा दोरा दातांनी तोडत म्हणाले. "उद्या कड्याची वाट त्यानं घ्यावी. तिथं ध्यान सुटलेला मानूस नको. म्या खालनं जातो."

कड्याची वाट चाळीस वर्षं त्यांची होती. मी मेंढीच्या चरबीचा डबा उघडून पुढे केला. त्यांनी शिवणीवर चरबी चोळली.

खालची वाट नदीतून जाते. दुसऱ्या दिवशी वर डोंगरात पाऊस होऊन नदी फुगली होती. दुपारी ह्यूईकाकांनीच त्यांना पाण्यातून काढलं. बूट पायांत होते. एकही टाका उसवला नव्हता.

दफनानंतर गावच्या हॉलमध्ये चहा होता. ह्यूईकाका कप हातात घेऊन लोकांना सांगत होते, "पार इसरभोळा झालता बिचारा. सवताचं बूट भाजलं, आता बोला. नदी कुठनं वलांडायची ते बी इसरला आसंल."

चारजणांनी माना डोलावल्या. कुणीतरी माझ्या खांद्यावर हात ठेवला. मी तो बाजूला केला.

"बाबा काही विसरले नव्हते, काका. बूट मी ठेवले होते. त्यांनी विचारलं, तेव्हा मी खोटं बोलले."