उतार एकास बारा

उतार मी मोजलाच नव्हता. एवढं एक वाक्य सांगायला मला तेवीस दिवस लागले.

कोर्टाचा आदेश साधा होता. आमच्या नोंदणी कार्यालयाच्या दारापाशी तीन महिन्यांत रॅम्प, उतार एकास बारा. म्हणजे एक मीटर चढायला बारा मीटर लांबी. रॅम्प झाला. आदेश पाळल्याचं प्रतिज्ञापत्र कार्यालयप्रमुख म्हणून आमच्या साहेबांना शेवटच्या दिवशी कोर्टात द्यायचं होतं. मोजमापाचा तक्ता मी भरला, तो नकाशावरून. नकाशात लांबी आठ मीटर होती, दाराच्या उंचीच्या बारापट. जागेवर ठेकेदाराने सायकल स्टँड वाचवायला ती साडेपाचवर आणली होती. मी पदार्थविज्ञान शिकलेय. न घेतलेलं माप लिहिणं म्हणजे काय, हे मला वेगळं सांगायला नको.

याचिका करणाऱ्या निवृत्त ग्रंथपाल बाईंची चाकाची खुर्ची त्या चढावर मागे घसरली. मनगट मोडलं. साहेबांना अवमानाची नोटीस आली.

त्या दुपारी मी टेप घेऊन गेले. उंची सहासष्ट सेंटिमीटर, लांबी साडेपाच मीटर. एकास आठ. तीनदा मोजलं, जणू तिसऱ्यांदा रॅम्प लांबणार होता.

सुनावणीच्या दिवशी कोर्टाच्या जिन्यात शेवटी बोलले. "साहेब, तो तक्ता... मी जागेवर गेलेच नव्हते."

साहेबांनी चष्मा पुसला. "वाटलंच मला. आकडे फारच गुणी होते."

सरकारी वकील उखडले. "आता तोंडाला कुलूप लावा, मॅडम! कागदावर तुमचं नाव कुठेय?"

"सही माझी आहे. न बघता केली," साहेब म्हणाले. "दोन महिन्यांत घरी बसणार मी. तुझी नोकरी आत्ता कुठे सुरू झालीय, पोरी. गप्प बस."

आत न्यायाधीशांनी विचारलं, "उतार कोणी मोजला?"

"कार्यालयाने. म्हणजे मीच समजा. बिनशर्त माफी मागतो."

"समजा? खोट्या प्रतिज्ञापत्राला तुरुंग आहे, ठाऊक आहे ना?"

पुढच्या रांगेत बाई प्लास्टरमधला हात मांडीवर घेऊन साहेबांकडे रोखून बघत होत्या. ती नजर माझ्या वाट्याची होती.

मी उभी राहिले. "कोणीच नाही मोजला. आकडे मी नकाशावरून उतरवले."

आवाज इतका बारीक निघाला की पुन्हा सांगावं लागलं. दुसरी खेप जास्त जड गेली.

साहेब सुटले नाहीत. सही करणाऱ्याची जबाबदारी संपत नाही, न्यायाधीश म्हणाले. आता खुलासा दोघांनी द्यायचा, आणि रॅम्प पंधरा दिवसांत पाडून नवा बांधायचा.

"तुला कोणी विचारलं होतं?" साहेब एवढंच पुटपुटले आणि पुढे निघून गेले.

मी बाईंजवळ गेले. "माफ करा."

"ते नंतर बघू. आधी दार धरा, मला बाहेर जायचंय."

मी दार धरलं. उंबऱ्याला दोनेक सेंटिमीटरची कड होती. शिपायाने मागून खुर्ची ढकलली, चाक कडेवर आदळलं, आणि बाईंनी दात आवळून हात छातीशी धरला.